तीन वाजता, पालथं

सरावली, ११ ऑक्टोबर १९९१

सोमी,

पत्र बघून दचकू नकोस. बोईसरजवळच्या सरावलीहून आहे, हॉस्पिटलातल्या सुगंधा सिस्टरचं. तुला वाचता येत नाही हे मला माहीत आहे, म्हणून पाकिटावर कमलाकांत गुरुजींचं नाव घातलंय. गुरुजी, तुम्हाला त्रास देते आहे. शाळेतली मुलं घरी गेल्यावर वाचलंत तर बरं पडेल. तसं लपवण्यासारखं यात काही नाही.

तू गेल्याला दीड वर्ष उलटून गेलं. इकडे सगळं ठीक. कमी दिवसांच्या बाळांच्या खोलीत आता दोनाच्या चार काचेच्या पेट्या झाल्यात आणि मला इनचार्ज केलंय. म्हणजे पगार तोच, बोलणी मात्र चौघांची. आमचे हे अजून त्याच कारखान्यात आहेत.

पत्र लिहायला कारण झालं ते सांगते. दर गुरुवारी मुंबईहून लहान मुलांच्या एक डॉक्टरबाई यायला लागल्यात. पहिल्याच दिवशी त्यांनी पेट्यांतली बाळं बघून कपाळाला हात लावला. म्हणाल्या, "सिस्टर, ही काय बोंबलासारखी वाळत घातलीयेत? आईच्या पोटात पोर गोळा होऊन असतं. बाहेर आल्यावर त्याला उताणं, हातपाय फाकून ठेवलं तर ते दमतं, बिथरतं. त्याच्याभोवती कापडाचं घरटं करा. गुडघे पोटाशी, हात तोंडापाशी. दर तीन तासांनी कूस बदला. श्वास अडखळत असेल तर नजरेसमोर पालथं ठेवा." मी मान हलवत होते. खरं तर म्हणायला हवं होतं की हे सगळं आमची एक आया न शिकता करायची. तोंडातून निघालं ते असं, "हो मॅडम, आम्ही पूर्वी करायचो."

त्या म्हणाल्या, "मग करून दाखवा."

सोमी, मला ते जमत नाही गं. टॉवेलची गुंडाळी करते, ती उलगडते. चादर घेतली तर जाड होते आणि बाळ त्यावरून घसरून खाली येतं. तू जुन्या लुगड्याची चुंबळ करायचीस ना, डोक्यावर हंडा ठेवायला बायका करतात तशी पण लांबट? पीळ कसा द्यायचीस, टोक कुठे खोचायचीस, तेवढं गुरुजींना सांग. ते लिहून पाठवतील. मी तेव्हा तुझ्या चुंबळी उचलून धुण्यात फेकायचे, ते आता काढू नकोस.

दिवाळी जवळ आली म्हणून एक साडी वेगळ्या पुडक्यात पाठवते आहे. नेस.

सुगंधा

ता. क. मंगळीचा मुलगा कसा आहे? तुमच्याच पाड्यावर आहे ना? सहज विचारलं.


सरावली, २ नोव्हेंबर १९९१

सोमी,

गुरुजींचं कार्ड मिळालं. साडीही परत आली, घडीसुद्धा मोडलेली नव्हती.

कार्डावर चार ओळी आहेत. त्या मला आता पाठ झाल्यात. "सोमी म्हणते, चुंबळ सिस्टरला शिकवायची माझी लायकी नाय. मंगळीचा पोर पावणेदोन वर्साचा झाला, अजून मान धरत नाय. पाय लाकडासारखे कडक हायेत. लोक म्हणतात, सोमीनं हॉस्पिटलात त्याला उताणा टाकला. मला आता कोणी बाळंतपणाला बोलवत नाय." खाली गुरुजींनी स्वतःचं एक वाक्य घातलंय, की सोमी पूर्वी आजूबाजूच्या पाच पाड्यांची सुईण होती आणि आता तिच्याबरोबर पाण्यालाही कोणी जात नाही.

हे मला माहीत नव्हतं. तुझी नोकरी गेली एवढंच माहीत होतं. वाटलं होतं, गावी शेत आहे, सुईणपण आहे, निभेल. असं वाटून घेणं सोयीचं होतं.

मागच्या पत्रात मी "लपवण्यासारखं काही नाही" असं लिहिलं होतं. न विचारताच लिहिलं होतं. चोराच्या मनात चांदणं, दुसरं काय.

तर ऐक. मंगळीच्या बाळाला त्या दिवशी उताणं मी केलं होतं.

पण ते का केलं तेही ऐक. नवी पेटी भेट मिळाली होती, तिचा समारंभ होता. चार वाजता ट्रस्टी, त्यांच्या बायका, फोटोग्राफर अशी सगळी वरात येणार होती. मेट्रनबाई आदल्या दिवसापासून माझ्या मागे, "सुगंधा, बाळांची तोंडं दिसली पाहिजेत हं, पाठी नकोत." आता पालथ्या बाळाचं तोंड कसं दिसणार? मी हुकमाची ताबेदार. पावणेचारला तुझी चुंबळ काढली, त्याला उताणं केलं, पाय सरळ केले, चादर ताणली. त्याच्या पोटात तीनचं नळीचं दूध होतं, हे मला ठाऊक होतं. वाटलं, दहा मिनिटांचा तर प्रश्न आहे. पाहुणे गेले की परत पालथं करू.

पाहुणे गेले आणि मेट्रनबाईंनी चहाला हाक मारली. बटाटेवडे होते. मी गेले आणि विसरले.

यात माझी एकटीची चूक आहे असं मला वाटत नाही. मेट्रनबाईंनी हट्ट धरला नसता तर झालंच नसतं.

तुझ्यासाठी एक करता येईल. इथे सरावलीत एक नवं प्रसूतिगृह निघतंय, तिथल्या डॉक्टर माझ्या ओळखीच्या आहेत. मी शब्द टाकते. तू इकडेच राहायला ये. पाड्यावरच्या लोकांच्या तोंडी लागण्यात काय अर्थ आहे? लोक आज बोलतात, उद्या विसरतात.

सुगंधा


सरावली, ८ डिसेंबर १९९१

सोमी,

महिना झाला, तुझं उत्तर नाही. बरोबरच आहे. मागचं पत्र मी परत आठवून बघितलं. चूक कबूल करायला बसले आणि निम्मं पत्र मेट्रनबाईंना शिव्या देण्यात घालवलं. वर तुलाच गाव सोडायला सांगितलं. सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात, ती मी.

आता सगळं सांगते. गुरुजी, मधे थांबू नका.

आपल्या खोलीचा नियम असा होता की बाळाला सिस्टरनंच हात लावायचा आणि कूस बदलली की पेटीवरच्या कार्डावर वेळ, कूस आणि सही घालायची. आयानं फक्त खोली आणि कपडे बघायचे. प्रत्यक्षात काय चालायचं? कूस बदलायचीस तू, सही करायचे मी. तीही दोन वाजता ड्युटीवर आल्या आल्या, रात्री आठपर्यंतच्या सगळ्या चौकोनांत एकदम. म्हणजे मग कटकट नाही. मला माझ्या मोठ्या सिस्टरनं असंच शिकवलं होतं आणि मीही पुढच्या मुलींना तेच शिकवलं. तुझे हात चांगले आहेत हे मी पहिल्या महिन्यात ओळखलं होतं. तुझ्या हातात बाळं रडायची नाहीत. पण ते कधी बोलून दाखवलं नाही. आयाला चढवून ठेवू नये, असा आमच्यात एक शहाणपणा आहे.

त्या दिवशीही तीन वाजता बाळाला पालथं तूच केलंस, नीट चुंबळीत, तोंड एका बाजूला. कार्डावर माझी सही दोन वाजताच झालेली होती. "तीन वाजता, पालथं." पावणेचारला मी त्याला उताणं केलं ते कार्डावर लिहिलंच नाही. लिहायची सवयच नव्हती. तुला मीच कपबश्या गोळा करायला पाठवलं होतं. पाच वाजता तू खोलीत परत आलीस तेव्हा बाळाच्या नाकातोंडातून दूध आलेलं आणि ते निळं पडलेलं. तू ओरडलीस. आम्ही सगळ्या धावत आलो तेव्हा तुझे दोन्ही हात पेटीत होते. तू त्याला कुशीवर वळवून पाठ चोळत होतीस. तुझ्यामुळे त्यानं परत श्वास घेतला. हे मी कुणालाही सांगितलं नाही. सगळ्यांनी बघितलं ते एवढंच, की आयाचे हात पेटीत.

डॉक्टरसाहेबांनी कार्ड वाचलं. तीन वाजता पालथं, सही सुगंधाची. पाच वाजता उताणं सापडलं. मग मधे कुणी हात लावला?

पेन माझ्या खिशात होतं. "पावणेचार, उताणं, सुगंधा", तीन शब्द लिहायचे होते. मी गप्प बसले. तुला दाराबाहेर उभं केलं होतं, तू काचेतून आत बघत होतीस. कार्डावर काय लिहिलंय ते तुला वाचता येत नव्हतं, त्यामुळे तू त्याविरुद्ध काय बोलणार? दुसऱ्या दिवशी तुला काढलं. मेट्रनबाई मला एवढंच म्हणाल्या, "कार्ड बरोबर आहे ना? मग झालं." झाकली मूठ सव्वा लाखाची. मीही ती झाकूनच ठेवली.

काल रात्री यांना सगळं सांगितलं. हे जेवता जेवता थांबले. म्हणाले, "सांगून त्या पोराची मान सरळ होणार आहे का?" वाईट माणूस नाही तो. इतके दिवस मीही स्वतःला हेच विचारत आलेय. पण मान त्याची जायची ती गेली, तुझी तरी वर व्हायला हवी.

गुरुजी, हे पत्र पाड्यावर सगळ्यांना जमवून मोठ्यानं वाचा. मंगळी आणि तिचा नवरा मंगळ्या समोर असले पाहिजेत. माझं नाव गाळू नका.

मला लाज वाटते, सोमी. दुसरा शब्द नाही.

सुगंधा


सरावली, २० डिसेंबर १९९१

सोमी,

गुरुजींचं कार्ड आज आलं. पत्र पाड्यावर वाचू दिलं नाहीस. "कागदानंच माझं वाटोळं केलं. आता कागद नको. सिस्टरनं हितं यावं आणि तोंडानं सांगावं."

रविवारी, पाच तारखेला येते. पालघरहून मनोरच्या एसटीनं.

हॉस्पिटलात पुढच्या दारातून आत शिरलं की डाव्या हाताला त्या समारंभाचा फोटो लावलाय, हातभर मोठा, फ्रेममध्ये. तू गेल्यावर लागला तो. नवी पेटी, आत मंगळीचं बाळ उताणं आणि शेजारी मी. दीड वर्ष मी रोज त्याच्याखालून जाते. डॉक्टरसाहेबही जातात, मेट्रनबाईही जातात. चारच्या सुमाराला बाळ उताणं होतं आणि तिथं कोण उभं होतं, हे भिंतीवर टांगलेलं आहे. कुणी बघितलं नाही, कारण सगळ्यांनी पेटीवरचं कार्ड वाचलं होतं.

कार्ड तुम्हाला वाचता आलं नाही. फोटो बघता येईल. तो काढून घेऊन येते. विचारून काढणार नाही, कारण विचारलं तर देणार नाहीत.

सुगंधा


सरावली, १२ जानेवारी १९९२

सोमीबाय,

कागद नको म्हणाली होतीस, तरी हा लिहिते. तोंडानं सांगायचं एक राहून गेलं. ते बोलायला तिथं तोंड उघडलं होतं आणि परत मिटलं.

आधी इकडचं सांगते. सोमवारी डॉक्टरसाहेबांना सगळं लिहून दिलं. त्यांनी वाचलं, घडी घातली, टेबलाच्या खणात ठेवलं. म्हणाले, "ते कार्ड केव्हाच रद्दीत गेलं, सिस्टर. आता ही उठाठेव कशाला?" मी दुसरी प्रत काढून त्यांच्यासमोर ठेवली. बुधवारपासून मला बाळांच्या खोलीतून काढून बाहेर इंजेक्शनच्या टेबलावर बसवलंय. फोटो चोरल्याबद्दल वेगळं पत्र येणार आहे म्हणे. येऊ दे.

आता त्या रविवारचं. मला वाटलं होतं, मी सांगितल्यावर लोक मला मारायला धावतील. थोडी आशाच होती तशी. मंगळीच्या अंगणात वीसेक माणसं होती. मी सांगत गेले आणि कुणी हललंसुद्धा नाही. मंगळ्या विळ्यानं बांबू तासत होता, तो तासतच राहिला. मग मंगळीनं विचारलं, "मग आमी सोमीला का हाकललं?" ते तिनं मला नाही विचारलं. आजूबाजूच्या बायांना विचारलं आणि एकीनंही मान वर केली नाही. माझी लाज मी पाड्यावर नेली आणि सगळ्यांना वाटून आले.

मी तुझे पाय धरायला वाकले तेव्हा तू मागे सरलीस. "तुमी सांगून मोकल्या झाल्या, सिस्टर," म्हणालीस. "मी दोन वरीस पाण्याला एकटी जाते. त्याचं काय करू?"

मी सरळ झाले आणि तिथेच जमिनीवर बसले.

मग मंगळीनं पोराला माझ्या मांडीवर दिलं. बघू तरी, सिस्टर कसा धरते, असंच असेल तिच्या मनात. शेकड्यांनी बाळं हाताळलीत मी. तो माझ्या हातात ताठ झाला, मान मागे टाकली, कमान केली आणि किंचाळायला लागला. मी त्याला जेवढं सरळ करायला बघत होते, तेवढा तो जास्त ताठत होता. तेव्हा मंगळी म्हणाली, "सोमी, बघ गं त्याला." तू आलीस, मला "हात काढा" म्हणालीस. त्याचे गुडघे हळूहळू पोटाशी दुमडलेस, दोन्ही हात छातीशी आणलेस, कुशीवर घेतलंस. तो गप्प झाला. मंगळी तुझ्याशेजारी येऊन बसली, अगदी खांद्याला खांदा लावून. बाकीच्या बायाही एकेक करून पुढे सरकल्या. मला पाणी द्यायचं कुणाला सुचलं नाही, ते बरंच झालं. मी पिऊ शकले नसते.

आता ते राहिलेलं.

तुला वाटतं मी त्या दिवशी गप्प बसले. पाड्यावरही मी तसंच सांगितलं, "मी गप्प बसले." आठ डिसेंबरच्या पत्रातही तेच लिहिलं होतं. ते खोटं आहे. तू काचेच्या पलीकडे होतीस, तुला ऐकू आलं नाही. डॉक्टरसाहेबांनी विचारलं, "मधे कुणी हात लावला?" तेव्हा मी म्हणाले, "साहेब, या आयाला सांगून सांगून थकले मी, बाळांना हात लावू नको म्हणून. या लोकांना कितीही शिकवा." असं म्हणाले. शब्दन् शब्द असाच. गप्प बसणारी बाई तरी बरी म्हणायची. मी बोलले होते.

गुरुजी, हे सोमीला वाचून दाखवा आणि मग तिला हवं असेल तर सगळ्यांना. याही वेळी तिनं ठरवावं.

एक मागणं आहे, तेवढं मंगळीला विचार. मी निघताना तो फोटो परत पिशवीत घालत होते, तर तिनं माझा हात धरला. "हा माझा हाय?" म्हणाली. पोराचा एकही फोटो तिनं कधी बघितला नव्हता. फोटोत तो वीस दिवसांचा आहे, डोळे उघडे, चांगला गुलाबी, हात मोकळे, मान मऊ. त्यानंतर तासाभरात जे व्हायचं ते झालं. त्याचा चांगला असतानाचा तेवढा एकच फोटो आहे आणि तो माझ्या चुकीमुळे निघालेला आहे. ती म्हणाली, "राहू दे हितं." मग तिनं तो कुडाच्या भिंतीवर लावला, त्याच्या झोळीच्या वर, आणि किती वेळ बघत राहिली.

त्यात मीही आहे ना गं. टोपी घालून, पांढऱ्याशुभ्र कपड्यांत, हसते आहे. ती रोज पोराकडे बघणार आणि तिला मी हसताना दिसणार. तिला म्हणावं, कात्री घे आणि मला कापून टाक. एसटीत बसल्यावर हे माझ्या मनात आलं आणि तेव्हापासून मी तोच फोटो डोळ्यांसमोर आणून बघते आहे, कात्री कुठून घालता येईल म्हणून. माझं तोंड कापता येईल. खांदा कापता येईल. पण फोटोग्राफर म्हणाला होता, "सिस्टर, बाळाचं तोंड जरा इकडे करा," म्हणून मी पेटीच्या खिडकीतून हात आत घातला होता. त्याचं सगळं डोकं माझ्या तळव्यावर आहे. हात कापला तर डोकं जाईल.

सुगंधा